पुकारा झाला, कोणी हजर नव्हतं

८ फेब्रुवारी, सोमवार

थेक्ला म्हणाली, "आई, फोनवर ओरडू नकोस, इथे ऑफिसात सगळे माझ्याकडे बघतात. जे झालं ते वहीत लिहून काढ, तारखा घालून. पुढे वकिलाला लागेल." म्हणून लिहायला बसलेय. ओरडून झालंय आधीच.

सकाळी छाटलेली लाकडं आणायला खालच्या शेताकडे निघाले. वाटेच्या तोंडाशी कालपर्यंत नुसती तार होती. आज सिमेंटचे खांब. हाम्बिस, माझ्या नणंदेचा नवरा, फावडं घेऊन खड्ड्यात उभा.

"हाम्बिस, अपील चालू आहे. निकाल लागेपर्यंत इथे काही बांधायचं नाही, माहीत आहे ना?"

त्याने कपाळ पुसलं. "कुठलं अपील, मिलिया? ते गेलं की. नोव्हेंबरातच गेलं. तुझ्या वकिलाने, त्या कुंबारोसने सांगितलं नाही तुला?"

"गेलं म्हणजे?"

"म्हणजे पुकारा झाला आणि तुमच्याकडून कोणी उभंच राहिलं नाही. फेटाळलं. कागद आहे आमच्याकडे, हवा तर आणतो."

मागे खरुबाच्या शेंगांच्या झाडाखाली माझी नणंद फुल्ला उभी होती, डोक्याला तोच काळा रुमाल. माझ्याकडे बघत नव्हती, माझ्या मागे कोण आहे का ते बघत होती. कोणी नव्हतं. तळपायाची आग मस्तकात गेली, पण त्या दोघांसमोर मी काही ती दाखवली नाही. लाकडं न घेताच परत आले.

वकिलासाठी लिहून ठेवते. खालचं शेत माझं आहे. माझ्या बापाने लग्नात मला दिलं, माझ्या नावावर. रस्त्यावरून तिथे जायचं तर फुल्लाच्या खरुबांमधून जावं लागतं. माझा बाप तिथून गाढव नेत असे, त्याचा बापही नेत असे. या सामाईक बांधामुळेच तर लोइझोसचं स्थळ मला आलं. आता त्या शेतात थेक्लाला घर बांधायचंय. आमच्याकडे मुलीला घर देणं हे आईबापाचं काम असतं, आणि रस्ता नाही तर बांधकामाची परवानगी नाही. फुल्ला कोर्टात म्हणाली, ती गाढवाची वाट आहे, गाढव आणा खुशाल. खालच्या कोर्टाच्या न्यायाधीशाने जरा चांगल्या भाषेत तेच लिहिलं. म्हणून अपील. पाच वर्षं झाली त्याला.

लोइझोस अंगणात कात्रीला धार लावत होता. सगळं सांगितलं.

"ऐकलंस?"

"ऐकलं."

"मग?"

"मग काय. जाऊ दे, मिलिया. तुझी तब्येत सांभाळ."

माझा नवरा देवमाणूस आहे. दर रविवारी चर्चमध्ये गातो, तेवढाच काय तो त्याचा आवाज. सख्ख्या बहिणीने केसाने गळा कापला तरी हा धार लावत बसणार.

९ फेब्रुवारी, मंगळवार

लिमासोलला झेनॉनच्या कचेरीत गेलो. म्हणजे मी गेले. लोइझोस म्हणाला गाडी लावायला जागा नाही, तू हो पुढे. जागा होती. दोन गाड्या मावतील एवढी होती. पण भांडण म्हटलं की तो लांबच थांबतो, हे मला लग्नापासून माहीत आहे.

झेनॉन आमचा कुंबारोस. आमच्या लग्नात चर्चमध्ये आमच्या डोक्यावरचे मुकुट त्यानेच तीनदा अदलाबदल केले, थेक्लाला बाप्तिस्म्याच्या पाण्यातून त्यानेच उचलून घेतलं. असा माणूस भावापेक्षा जवळचा; मी त्याला कुंबारे म्हणते, तो मला कुमेरा. वकील झाला तेव्हा मला वाटलं, चला, आता आपलं कोणी काही बिघडवू शकत नाही.

मी बसलेही नाही. "कुंबारे, माझं अपील कुठे आहे?"

त्याने चष्मा काढला. ड्रॉवर उघडला. कागद वरच होता, शोधावाही लागला नाही. सहा ओळी. लेखी म्हणणं मुदतीत दाखल नाही. नोटीस देऊनही नाही. पुकारा केला असता अपीलकर्त्यातर्फे कोणी हजर नाही. सबब अपील पुढे न चालवल्यामुळे फेटाळण्यात येत आहे. पाच वर्षं वाट बघितली आणि सहा ओळींत माझ्या लेकीचं घर पाडलं, जे अजून बांधलंही नव्हतं.

"नोटीस आली होती?"

"आली होती."

"आणि तू काय केलंस?"

"लोइझोस कुठे आहे?"

"खाली गाडीत. तो कशाला हवा? शेत माझं आहे."

तो उठून खिडकीशी गेला, खाली रस्त्यावर बघितलं आणि म्हणाला, "चूक माझी आहे, कुमेरा. सगळी माझी. काय बोलायचं ते बोल."

मी बोलले. मला जे जे येत होतं ते बोलले. त्याच्या आईचं नाव तेवढं घेतलं नाही, कारण ती मेलेली आहे आणि तिने मला कधी काही केलं नव्हतं. त्याची टायपिस्ट दार लावायला आली आणि तशीच परत गेली. त्याने एकदाही उलट उत्तर दिलं नाही. वकील असून. अपराधी माणूस असाच गप्प बसतो.

१३ फेब्रुवारी, शनिवार

थेक्लाचा फोन. "पण आई, पाच वर्षांत तू एकदाही विचारलं नाहीस?"

हिला कसं समजवायचं? शहरात राहून ही मुलगी आपल्या रीती विसरली. ईस्टरला झेनॉन आमच्या टेबलाशी बसतो, लोइझोस त्याला कोकराचा चांगला तुकडा वाढतो, आणि मी मध्येच विचारू, माझ्या कामाचं काय झालं? कुंबारोसला असं विचारणं म्हणजे तोंडावर सांगणं की माझा तुझ्यावर भरवसा नाही. फी तो घेत नाही. मी दरवर्षी द्राक्षांची पेटी आणि अक्रोडाच्या मुरांब्याची बरणी पाठवते. बरणी रिकामी होऊन परत येते. मला वाटायचं, काम चालू आहे.

सकाळी पायरीवर रानशतावरीच्या कोवळ्या कोंबांची जुडी ठेवलेली मिळाली, ओल्या फडक्यात गुंडाळून. चिठ्ठी नाही. नक्कीच झेनॉनच्या बायकोने कोणाकडून तरी पाठवली असणार, माझं तोंड बंद करायला. मी उकिरड्यावर टाकणार होते. लोइझोसने उचलली, निवडली, अंडी फोडून स्वतः परतली आणि उभ्या उभ्या खाल्ली. मला विचारलंसुद्धा नाही. एवढी आवडते त्याला हे विसरलेच होते. लहानपणी म्हणे फुल्ला ओढ्याकाठी जाऊन त्याच्यासाठी आणायची.

फुल्लावरून आठवलं. तेही लिहिते, वकिलाला उपयोगी पडेल. खालच्या कोर्टात तिची साक्ष झाली तेव्हा झेनॉनने तिच्या हातात तिच्याच जमिनीचा उतारा दिला आणि म्हणाला, बाई, वाट कुठे लिहिली आहे ते दाखवा. तिने कागद घेतला आणि उलटा धरला. मग बोट ठेवलं कुठेतरी. सगळं कोर्ट हसलं, न्यायाधीशसुद्धा खाली मान घालून. मीही हसले. का हसू नये? जिला अक्षर ओळखता येत नाही ती शपथेवर सांगते की उताऱ्यात वाट नाही. जन्मभर गावात सांगत फिरते की आई गेली आणि लोइझोसला वाढवायला मी शाळा सोडली. अर्ध्या गावाने कशासाठी ना कशासाठी शाळा सोडली होती, कोणी ढोल बडवत नाही.

त्या दिवशी परत येताना लोइझोस वाटेत गाडी थांबवून रस्त्याच्या कडेला ओकला होता. कोर्टाच्या कॅन्टीनमधलं काहीतरी बाधलं असणार.

२ मार्च, बुधवार

नवी वकील पाहिली. आर्तेमिस नाव, थेक्लाच्या वयाची. केस मुलग्यासारखे कापलेले, पण ऐकून घेते.

"किरिया मिलिया, फेटाळलेलं अपील पुन्हा उभं करायला अर्ज करता येतो. पण कोर्ट विचारणार, ते गेलं का? वकील विसरला, एवढ्यावर हल्ली ऐकत नाहीत. रोज कोणीतरी विसरतं. तुम्ही काय करत होता तेही विचारतील."

"मी वाट बघत होते."

"वकिलाला किती वेळा विचारलंत?"

"कुंबारोसला?"

तिने पेन खाली ठेवलं. "बरं. मग निदान झेनॉन साहेबांनी स्वतः प्रतिज्ञापत्र द्यायला हवं. नोटीस मिळाली, माझ्या हलगर्जीपणामुळे राहून गेलं, बाईंना काहीच कळवलं नाही. बायबलातल्या शुभवर्तमानावर हात ठेवून, रजिस्ट्रारसमोर. कुठला वकील असं लिहून देईल, मला शंका आहे."

"देईल. माझा मुकुट त्याने धरलाय."

घाई केली पाहिजे असं म्हणाली. घाई मलाही आहे. थेक्लाच्या सासूने आपल्या गावाकडे जागा देऊ केलीय, बेटाच्या पार दुसऱ्या टोकाला. ईस्टरनंतर थेक्ला आणि तिचा नवरा ठरवणार. म्हणजे मुलं तिकडची होणार. मी इथे खांब बघत बसणार.

१४ मार्च, स्वच्छ सोमवार

ईस्टरआधीचा उपवास आजपासून सुरू. दरवर्षी या दिवशी सगळं गाव आपापल्या शेतात जेवायला जातं. मीही गेले माझ्या शेतात. वाट बंद, म्हणून ओढ्यातून, दगडांवरून, चिखलात, हातात ऑलिव्ह, पाव आणि मुळ्याची टोपली. या वयात. सोबत आलेल्या थेक्लाच्या मुलांना मजा वाटली. मला नाही वाटली. पलीकडे खांबांमागे फुल्ला आणि हाम्बिस चटई टाकून बसले होते, दोघंच. त्यांना मूल नाही. चटईवर काय होतं ते मला माझ्या शेतातून दिसत होतं.

लोइझोस म्हणाला, पाणी विसरलं, घेऊन येतो. नळ वर रस्त्याला आहे. बराच वेळ लागला त्याला. परत आला तेव्हा बाटली भरलेली होती आणि खिशात तिळाचा पाव होता. आमच्या टोपलीतला नव्हता तो.

"कोणी दिला?"

"होता कोणाकडे तरी."

आज सण, म्हणून मी पुढे काही बोलले नाही. पण या माणसाला शत्रू कोण आणि आपलं कोण एवढंही कळत नाही, याचा मला खरंच संताप येतो. एवढं चांगलं असू नये माणसाने.

२९ मार्च, मंगळवार

झेनॉन तयार झाला. मी गेले, पुढ्यात उभी राहिले, म्हटलं, "तूच म्हणालास चूक माझी. आता तेच पुस्तकावर हात ठेवून म्हण." तो म्हातारा दिसायला लागलाय. म्हणाला, "नोटीस कारकुनाने दुसऱ्याच फायलीत लावली आणि मी विसरलो, असं लिहू का?"

"खरं काय ते लिही."

"कुमेरा, जे लिहिल्याने तुझं काम होईल ते लिहितो. मला विचारू नकोस."

आता लाज वाटतेय त्याला. वाटू दे.

घरी येऊन लोइझोसला सांगितलं की पुढच्या मंगळवारी झेनॉन शपथ घेणार. तो स्तोत्राचा सराव करत होता, तिथेच थांबला. "शुभवर्तमानावर?" म्हणाला. म्हटलं, "मग काय टेलिफोन डिरेक्टरीवर?" पुन्हा गायला त्याने सुरुवात केली नाही.

५ एप्रिल, मंगळवार

आजचं आजच लिहिते.

रजिस्ट्रारची खोली लहान. टेबलावर काळ्या पुठ्ठ्याचं शुभवर्तमान, पाठ सुटलेली, रबरबँड लावून ठेवलेलं. किती लोकांनी त्यावर हात ठेवून काय काय सांगितलं असेल. रजिस्ट्रार बाई, आर्तेमिस, झेनॉन, मी. लोइझोस आज वर आला होता, दाराशी टोपी हातात घेऊन उभा. मला बरं वाटलं. म्हटलं, अखेर आला माझ्या बाजूने.

झेनॉनने कागद पुढे सरकवला, रबरबँड काढला, हात ठेवला. रजिस्ट्रार म्हणाली, "यातला मजकूर खरा आहे अशी शपथ घेता?"

"झेनॉन, हात काढ," लोइझोस म्हणाला.

रजिस्ट्रारने मान वर केली. "तुम्ही कोण?"

"हिचा नवरा. तो काही विसरला नाही. मी त्याला सांगितलं होतं."

झेनॉन म्हणाला, "गप्प बस, लोइझोस. होऊ दे."

"नाही. माझ्यासाठी तू खोटी शपथ घ्यायची नाही." मग माझ्याकडे वळला. मला नावाने हाक मारताना त्याचा आवाज इतका हलका झालेला मी कधी ऐकला नव्हता. "मिलिया, अपील घातलं त्याच उन्हाळ्यात. कॅफेत, अंजिराखाली. मी म्हटलं, पडू दे ते. काही दाखल करू नकोस, पुन्हा फुल्लाला कोर्टात उभी करू नकोस. त्याने ऐकलं."

"का?"

"तिने कागद उलटा धरला होता. सगळे हसले. तू पण हसलीस." त्याने टोपी दुसऱ्या हातात घेतली. "ती वाचत नाही, कारण मी वाचतो. घरात एकालाच शाळेत जाता येत होतं."

मी झेनॉनकडे बघितलं. "आणि तू? सही कोणाची होती अपिलावर?"

"तुझी."

"शेत कोणाचं?"

"तुझं, कुमेरा. पण लोइझोस म्हणाला तेव्हा मला वाटलं, घरात ठरलं असेल."

"मी त्या घरात राहत नाही का?"

दोन पुरुषांनी एका कॉफीवर माझ्या बापाचं शेत निकालात काढलं आणि मला पाच वर्षं मुरांबे पाठवायला लावले. एक भांडत नाही, दुसरा फी घेत नाही, दोघंही इतके चांगले की माझ्याशी बोलायची कोणाला गरजच वाटली नाही. तो हसण्याचा हिशोब मला करायचा असेल तर मी करीन, पण तो माझी मीच करणार. थेक्लाच्या घराचा त्यात काय दोष?

आर्तेमिसने मला बाहेर पॅसेजमध्ये नेलं. हळू आवाजात म्हणाली, "वाईट वाटून घेऊ नका, पण हे वकिलाच्या विसरण्यापेक्षा भक्कम आहे. तुमचं अपील तुम्हाला न विचारता सोडून दिलं. तुम्ही स्वतः लिहून द्या. फक्त एक सांगते. याची प्रत समोरच्यांना जाणार. तुमच्या नवऱ्याचं नाव त्यात येणार. नणंदेला कळणार त्याने काय केलं."

मी पॅसेजमधून उघड्या दारातून आत बघितलं. लोइझोस आणि झेनॉन बाकावर शेजारी शेजारी बसले होते, शिक्षकाने बाहेर काढलेल्या दोन पोरांसारखे.

"लिही," मी म्हटलं. "पूर्ण नाव लिही. बापाच्या नावासकट."

तिने समोरच्या कॅफेत बसून लॅपटॉपवर लिहिलं, छापून आणलं. पुन्हा तीच खोली, तेच पुस्तक. रजिस्ट्रारने फॉर्मवर बघत विचारलं, "तुम्हाला लिहिता-वाचता येतं ना? नाहीतर मला वाचून दाखवावं लागतं, तसा नियम आहे."

लोइझोस जमिनीकडे बघत होता.

"येतं," मी म्हटलं.

आणि मी वाचलं. मोठ्याने, पहिल्या ओळीपासून. की माझ्या नवऱ्याने मला न विचारता, न सांगता, माझ्या वकिलाला माझं अपील चालवू नको असं सांगितलं. की वकिलाने मला न विचारता ते मानलं. की मला दोन महिन्यांपूर्वी सिमेंटचे खांब बघून कळलं. की त्याने हे आपल्या बहिणीसाठी केलं, जिला वाचता येत नाही आणि जिला माझ्या वकिलाने कोर्टात हास्यास्पद केलं. ती शेवटची ओळ आर्तेमिसने घातली नव्हती. ती मी कॅफेत घालायला लावली. का, ते मला अजून नीट सांगता येत नाही. खरं होतं म्हणून. हात ठेवला, शपथ घेतली, सही केली. अर्जाची तारीख जूनमध्ये. थेक्ला ईस्टरपर्यंत थांबेल की जूनपर्यंत, ते तिलाच ठाऊक.

परत येताना मी मागच्या सीटवर बसले, टॅक्सीत बसावं तशी. लोइझोसने आरसा वळवला नाही. रागाने माझे दात दुखायला लागले होते. चर्चजवळ तो म्हणाला, "कोर्टाचा माणूस प्रत घेऊन येईल फुल्लाकडे."

"येईल."

"हाम्बिस वाचून दाखवेल तिला. त्याच्या पद्धतीने." मग जरा थांबून, "नाहीतर पाद्री."

माझ्या मांडीवर आर्तेमिसने दिलेली जादा प्रत होती. फुल्लाच्या फाटकाशी आलो तेव्हा मी म्हटलं, "थांब इथे."

तो थांबला. खरुबाखाली ती शेंगांची गोणी शिवत बसली होती. आमची गाडी बघून सुई हातातच राहिली तिची.

मी कागद पुढच्या सीटवर टाकला.

"जा, तू वाचून दाखव तिला," मी म्हटलं. "तुला येतं."